हयात मित्राचा माहितीपट

दिवाळी अंकाच्या बैठकीत एक पान न मागता ठरतं : वर्षभरात गेलेल्यांचं. मग फोन जातात, मजकूर येतो, आणि त्यात गेलेला माणूस कमी, लिहिणाऱ्याची त्याच्याशी असलेली सलगीच जास्त. यंदा या पानावर काट मारताना आमच्या डोळ्यांपुढे दिलीप चित्रे आणि अरुण कोलटकर होते.

चित्रे कवी, चित्रकार, शिवाय ‘गोदाम’ या चित्रपटाचे दिग्दर्शक, माहितीपटही त्यांनी बरेच केले. कोलटकर जे. जे. स्कूलमध्ये चित्रकला शिकलेले, जाहिरातीच्या धंद्यात नावाजलेले, आणि कवी. दोघांचं सख्य ‘शब्द’ या सायक्लोस्टाइल अनियतकालिकाच्या, म्हणजे 1954 च्या सुमाराचं. 25 सप्टेंबर 2004 रोजी कोलटकर गेले. मित्र माहितीपटवाला, तेव्हा श्रद्धांजली पडद्यावरच हवी, असं कुणीही म्हणेल. पण कोलटकर हा गृहस्थ हयातीत तरी कॅमेऱ्यापुढे बसला असता? मुलाखतींचं वावडं, घरी फोन नाही. गाठायचं तर गुरुवारी दुपारी, काळा घोड्याच्या वेसाइड इन या उपाहारगृहात.

आणि तिथे बसून बघण्याचं काम तर तोच करत होता! त्याच्या ‘काळा घोडा पोएम्स’ या संग्रहात ट्रॅफिक आयलंडवर पसरलेलं एक कुत्रं आहे, त्याच्या अंगावरचे डाग म्हणजे सात बेटांच्या मुंबईचा जुना नकाशा. इडल्या घेऊन बाई येते, रस्त्यावरची माणसं जमतात, खातात, पांगतात. गरिबीबद्दल उसासा नाही, निवेदकाचा घोगरा आवाज नाही. (आपल्याकडचे किती माहितीपट या आवाजानेच बुडालेत!)

चित्र्यांनी मित्राबद्दल पुढे लिहिलं, पण आमच्या मते त्यांची मोठी दाद त्याच्या कितीतरी आधीची. मराठी कवितेच्या इंग्रजी अनुवादांचा जो संग्रह त्यांनी 1967 साली संपादित केला, त्यात कोलटकर आहेत. तेव्हा कोलटकरांच्या नावावर एकही पुस्तक नव्हतं. ‘जेजुरी’ आली 1976 ला, ‘अरुण कोलटकरच्या कविता’ त्यानंतर. मित्राची कविता दुसऱ्या भाषेत न्यायची तर ओळीओळीला अडावं लागतं. तिथे गहिवर कामाला येत नाही.

म्हणून यंदा लेखकांना अट घातली : ज्याच्यावर लिहाल तो हयात असावा, आणि त्याला काम करताना तुम्ही पाहिलेलं असावं, नुसत्या रंगलेल्या मैफली नकोत. काहींनी नम्र नकार कळवला. एकाने विचारलं, वाचून तो रागावला तर? रागावू द्या, म्हटलं. अंक त्यालाही पाठवतोय.