कॅमॅकचा दगड आहे तिथेच राहू द्या

अमेरिकेत टेनेसी, जॉर्जिया आणि अलाबामा ही तीन राज्ये जिथे भेटतात, ती जागा १८१८ साली जेम्स कॅमॅक या गणितज्ञाने मोजणी करून ठरवली. ती चुकली, हे आज सर्वमान्य आहे. तरीही हद्द तिथून हलवू नये, असे माझे ठाम मत आहे.

१. टेनेसी १७९६ मध्ये राज्य झाले. त्याची दक्षिण हद्द ३५ अंश उत्तर अक्षांशावर असायला हवी होती. कॅमॅकची खूण, म्हणजे तिथे रोवलेला दगड, सुमारे एक मैल दक्षिणेला पडली. कोनाच्या हिशेबात ही तफावत एका कलेपेक्षाही, म्हणजे अंशाच्या साठाव्या भागापेक्षाही, कमी आहे. डोंगराळ रानात सेक्स्टंटने वेध घेऊन, त्या काळच्या खगोलीय कोष्टकांच्या भरवशावर काम करणाऱ्या माणसाला त्याबद्दल दोष देणे अन्यायाचे होईल. निकाजॅक या जुन्या चेरोकी गावाच्या सरळ दक्षिणेला, टेनेसी नदीच्या काठापासून मैलाहून थोडे अधिक, अशी जागेची नोंदही त्याने करून ठेवली.

२. भांडणाचे खरे कारण पाणी आहे. रेषा मैलभर उत्तरेला सरकली, तर जॉर्जियाची हद्द टेनेसी नदीला भिडते. जॉर्जियातील अटलांटा शहर चॅटाहूची नदीवर आणि तिच्यावरच्या लेक लेनियर जलाशयावर जगते. त्या पाण्यावरून अलाबामा आणि फ्लोरिडाशी अनेक वर्षे कोर्टकज्जे झाले. २००७ च्या दुष्काळात जलाशय खोल गेला आणि २००८ मध्ये जॉर्जियाच्या विधिमंडळाने हद्द दुरुस्तीचा ठराव केला. २०१३ च्या ठरावात तर नदीपर्यंत पोहोचण्यापुरती चिंचोळी पट्टी मागितली. अक्षांशाची एवढी चाड असती, तर मागणी पट्टीपुरती आकसली नसती. अटलांटाची तहान खरी आहे, पण ती भागवायला शेजाऱ्याचा बांध कोरणे हा मार्ग नव्हे.

३. कायद्याचा कलही दगडाकडेच आहे. न्यू मेक्सिको विरुद्ध कोलोरॅडो खटल्यात १९२५ मध्ये अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने १८६८ ची जुनी रेषाच कायम केली, कारण ती दीर्घकाळ मानली गेली होती. नंतरच्या अधिक अचूक मोजणीने ती बदलली नाही.

४. त्या मैलभर पट्ट्यात टेनेसीतील चॅटनूगा शहराच्या दक्षिण वस्त्या येतात. तिथल्या माणसांची खरेदीखते, शाळा, मतदान, सारे टेनेसीच्या कायद्याखाली आहे. टेनेसी पगारावर प्राप्तिकर घेत नाही, जॉर्जिया घेते. ज्यांनी काहीच चूक केली नाही, त्यांनी दोनशे वर्षांपूर्वीच्या वेधाची किंमत का मोजावी?

५. ‘मूळ हक्क’ हा शब्द या वादात जपून वापरावा. १८१८ मध्ये ही भूमी चेरोकींची होती. १८३८ मध्ये त्यांना बळाने हुसकावण्यात आले, आणि वाटेत हजारो माणसे मेली. मूळ हक्काच्या रांगेत दोन्ही राज्ये त्यांच्या मागेच उभी राहतात.

६. जॉर्जियाने कॅमॅकची रेषा टेनेसीशी लेखी कराराने मान्य करावी आणि त्याला अमेरिकी काँग्रेसची संमती घ्यावी. पाण्याची मागणी त्यापासून वेगळी, उघडपणे मांडावी. ही नदी पुढे अलाबामातून वळून पुन्हा टेनेसीत आणि मग केंटकीत जाते. त्यामुळे त्या बैठकीला खालच्या राज्यांनाही बोलवावे, आणि धरणे सांभाळणाऱ्या टेनेसी व्हॅली ऑथॉरिटीने कोरड्या वर्षातील प्रवाहाचे आकडे सर्वांसमोर ठेवावेत.