मूकपटातील स्त्री आणि आमची समीक्षा

मराठी साहित्यातील स्त्रीच्या स्वातंत्र्यशोधाची चर्चा आपण सामान्यतः हरिभाऊ आपट्यांच्या यमूपासून आरंभितो आणि विभावरी शिरूरकरांच्या 'कळ्यांचे निःश्वास' (१९३३) या संग्रहापाशी येतो. या दोहोंमधल्या काळात एक वेगळी तरुणी पडद्यावर अवतरली होती. आमच्या वर्गांत तिचे नाव सहसा निघत नाही.

'राजा हरिश्चंद्र'मधील (१९१३) तारामतीसाठी फाळक्यांना स्त्री मिळाली नाही. ती भूमिका अण्णा साळुंके यांनी केली. त्याच वर्षीच्या 'मोहिनी भस्मासुर'मध्ये मात्र दुर्गाबाई कामत पार्वती झाल्या आणि त्यांची सुमारे तेरा वर्षांची कन्या कमला, म्हणजे पुढच्या कमलाबाई गोखले, मोहिनी. दुर्गाबाई पतीपासून विभक्त होऊन, मुलीला सोबत घेऊन नाटकमंडळीत आल्या होत्या. कमलाबाईंनीही पुढे वैधव्यात मुलांना वाढविले ते अभिनयाच्याच बळावर.

हा पोटाचा प्रश्न होता, स्वातंत्र्याचा नव्हे, असा आक्षेप घेतला जाईल. मला तो मान्य नाही. यमू स्वतःची कहाणी स्वतः सांगते. पण स्वतःच्या मिळकतीवर उभे राहण्याची वाट तिच्यापुढे नाही. मूकपटातील नटीला मिळकत होती, वाणी नव्हती. तिच्या तोंडची वाक्ये बहुधा पुरुषांनी लिहिलेल्या पाट्यांवर उमटत. एकीचे दुःख शब्दांत आले म्हणून ते वाङ्मय, आणि दुसरीचे धाडस केवळ इतिहासातील तपशील, ही विभागणी सोयीची असेल, न्याय्य नाही.

आमच्या शिराळ्याकडून वारणा ओलांडली की कोल्हापूर जिल्हा लागतो. त्याच कोल्हापुरात बाबूराव पेंटरांनी 'सैरंध्री' (१९२०) निर्माण केला. त्यातील गुलाबबाई आणि अनसूयाबाई यांना पडद्यासाठी कमलादेवी व सुशीलादेवी ही नावे देण्यात आली. समाजाने दूर लोटल्यामुळे त्यांना स्टुडिओच्या आवारातच आसरा घ्यावा लागला, असे चित्रपटेतिहासात नमूद आहे. सैरंध्री हे विराटाघरी राहणाऱ्या द्रौपदीचे अज्ञातवासातील नाव! कथेत जे घडते तेच कथा साकारणाऱ्या स्त्रियांच्या वाट्याला यावे, याकडे एखाद्या रूपककथेच्या अभ्यासकाचे तरी लक्ष जावयास हवे होते.

हंसा वाडकरांचे 'सांगत्ये ऐका' (१९७०) आपण आवर्जून शिकवितो, आणि ते योग्यच आहे. त्यांच्या आधीच्या या दोघींचा माग शिराळा-वाळवा-पन्हाळा परिसरातील एम.ए.च्या विद्यार्थ्यांनी लघुप्रबंधासाठी का काढू नये?