घरचा संगणक : आयकॉन गेला, गेम गेलेला नाही



शाळेच्या परीक्षा आटोपल्या की घरातल्या संगणकाचा ताबा मुलांकडे जातो आणि त्याच दिवसांत या सदराकडे एकाच जातीचे प्रश्न येऊ लागतात. डेस्कटॉपवर क्रिकेटच्या गेमचा आयकॉन होता, तिथे आता कोरा पांढरा कागद दिसतो. तीन गेमना एकच चित्र लागलंय. स्टीम उघडलं तर गेमच्या चित्रांऐवजी राखाडी चौकोन. पुसद असो, दिग्रस असो की पांढरकवडा, पुढचा प्रकारही ठरलेला. धाकटा म्हणतो, भाईजानने गेम उडवला. भाईजान कसम खाऊन सांगतो की हात लावला नाही. अम्मी दोघांवर चिडतात आणि दोन दिवसांनी अब्बू सीपीयू गाडीवर बांधून दुकानात नेतात. तिथे उत्तर मिळतं, "फॉरमॅट मारावा लागेल."

त्या एका वाक्यामुळे आम्ही आज हा विषय घेतोय. आपल्याकडच्या घरातला संगणक फक्त गेमचा नसतो. मुलीचे महाडीबीटीचे शिष्यवृत्तीचे फॉर्म, उत्पन्नाचा दाखला, आधारची स्कॅन केलेली प्रत, निकाहचे फोटो, सगळं डेस्कटॉपवर नाहीतर डॉक्युमेंट्समध्ये टाकलेलं असतं. हे दोन्ही फोल्डर, कुणी मुद्दाम हलवले नसतील तर, सी ड्राइव्हवरच असतात आणि फॉरमॅट म्हटलं की आधी सी ड्राइव्हच पुसला जातो. एका पांढऱ्या कागदासाठी एवढी किंमत कशाला?

आयकॉन म्हणजे काय ते आधी बघू. डेस्कटॉपवरच्या गेमच्या चित्राच्या डाव्या कोपऱ्यात छोटा बाण दिसतो. तो बाण सांगतो की हा गेम नाही, गेमचा पत्ता आहे. त्याला शॉर्टकट म्हणतात. खरा गेम दुसरीकडे, बहुतेक घरांत डी ड्राइव्हवर, काही जीबी जागा अडवून बसलेला असतो. घराच्या दारावरची पाटी पडली तर घर पडलं असं कुणी म्हणत नाही; इथेही तेच. म्हणून भाईजानवर बदगुमानी करण्याआधी एकच गोष्ट करा. त्या पांढऱ्या कागदावर दोनदा क्लिक करा. गेम सुरू झाला तर गेम शाबूत आहे, बिघडलंय ते फक्त चित्र. सुरू न होता "ही वस्तू हलवली किंवा बदलली आहे" अशा अर्थाचा इंग्रजी संदेश आला, तर पत्ता चुकलाय. ही दोन दुखणी वेगळी आहेत आणि त्यांचे इलाजही वेगळे.

पहिलं दुखणं साधं. गेमचं चित्र मूळ प्रोग्रामच्या फायलीतच असतं. विंडोज ते दर वेळी तिथून काढत बसत नाही. एकदा काढलेल्या चित्रांची नक्कल आपल्या साठ्यात ठेवते आणि तीच दाखवते. या साठ्याला आयकॉन कॅश म्हणतात. हा साठा लिहिला जात असतानाच लाइट गेली तर तो बिघडू शकतो. यवतमाळ जिल्ह्यात मे महिन्यात पारा ४४-४५ अंशांवर गेल्यावर लाइटचा काय भरवसा असतो ते आम्ही वेगळं सांगायला नको. यूपीएसची बॅटरी बसलेली असेल, आणि बहुतेक घरांत ती बसलेलीच असते, तर संगणक धाडकन बंद होतो. दुसऱ्या दिवशी चालू केला की चित्रं गायब, किंवा एकाचं चित्र दुसऱ्याला.

साठा बिघडलाय की नाही हे बघायची एक सोपी युक्ती आहे. डेस्कटॉपच्या रिकाम्या जागी या, कंट्रोलचं बटण दाबून धरा आणि माउसचं चाक फिरवा. आयकॉन लहान-मोठे होतील. विंडोज प्रत्येक आकाराची चित्रं वेगळ्या फायलीत ठेवते. त्यामुळे मोठ्या आकारात चित्र नीट दिसलं आणि नेहमीच्या आकारात कोरं दिसलं, तर दोष साठ्याचा आहे, गेमचा नाही.

इलाज : आधी संगणक रीस्टार्ट करा. फरक पडला नाही तर कंट्रोल, शिफ्ट आणि एस्केप ही तीन बटणं एकदम दाबून टास्क मॅनेजर उघडा, यादीत विंडोज एक्सप्लोरर शोधा, त्यावर उजवं क्लिक करून रीस्टार्ट निवडा. पडदा क्षणभर काळा होईल. घाबरू नका. एखाद-दुसराच आयकॉन हटून बसला असेल तर त्यावर उजवं क्लिक, प्रॉपर्टीज, मग चेंज आयकॉन. तिथे गेमचं खरं चित्र दिसतं. ते निवडून ओके केलं की झालं. यानेही भागलं नाही तर साठ्याच्या फायली पुसाव्या लागतात. विंडोज त्या पुन्हा नव्याने बनवते, त्यामुळे नुकसान काही नाही. पण एक्सप्लोरर बंद ठेवून ते करायचं असतं, म्हणून जाणत्या माणसाकडून करून घ्या. दुकानात न्यायचंच असेल तर "आयकॉन कॅश रीबिल्ड करून द्या, फॉरमॅट करू नका" हे वाक्य पाठ करून जा.

जुन्या गेमबद्दल इथेच सांगून टाकतो. ईए स्पोर्ट्सचा क्रिकेट ०७ किंवा २००५ चा नीड फॉर स्पीड मोस्ट वॉन्टेड आजही आपल्या घरांत चालतो. त्यांचे आयकॉन मोठ्या चौकटीत बारीक किंवा फाटल्यासारखे दिसतात. तो बिघाड नाही. २५६ ठिपक्यांचे मोठे आयकॉन विंडोजमध्ये व्हिस्टापासून, म्हणजे २००७ च्या सुमारास आले. त्याआधीच्या गेममध्ये एवढं मोठं चित्र घातलेलंच नसतं.

आता दुसरं दुखणं, पत्ता चुकण्याचं. गेम बाहेरच्या हार्ड डिस्कवर असेल आणि कुणी आधी पेनड्राइव्ह लावला असेल, तर कालचा ई ड्राइव्ह आज एफ होतो. शॉर्टकट मात्र ई मध्येच गेम शोधत राहतो. पेनड्राइव्ह काढा, हार्ड डिस्क पुन्हा लावा. बहुधा जुनं अक्षर परत मिळतं. नाहीतर नव्या ड्राइव्हवर जाऊन गेमच्या मूळ फायलीचा नवा शॉर्टकट करून घ्या.

पत्ता चुकण्याचं दुसरं कारण जास्त गंभीर आहे. पेनड्राइव्हवरून आणलेल्या फुकटच्या गेममधली मुख्य फाइल विंडोजच्या अँटिव्हायरसने उचलून बंदिस्त केलेली असते. आयकॉन पांढरा पडतो, कारण ज्या फायलीतून चित्र यायचं तीच जागेवर नाही. विंडोज सिक्युरिटी उघडा, व्हायरस अँड थ्रेट प्रोटेक्शनमध्ये जा, तिथे प्रोटेक्शन हिस्टरी बघा. कोणती फाइल, कोणत्या तारखेला काढली, सगळं नोंदलेलं असतं. मुलं तिथे 'रीस्टोअर' दाबतात. ते दाबू देऊ नका. चोरीच्या गेममध्ये कुलूप तोडण्यासाठी जी फाइल घातलेली असते, तिच्याच आडोशाने पासवर्ड चोरणारे प्रोग्राम घरात शिरतात, आणि त्याच संगणकावर अब्बू बँकेचं खातं उघडतात. आमच्या मते असा गेम दोन्ही बाजूंनी तोट्याचा : बनवणाऱ्याचा हक्कही मारला जातो आणि आपलं घरही उघडं पडतं. पुण्याच्या नॉडिंग हेड्स गेम्सचा २०२० सालचा 'राजी' आपल्याच राज्यात बनवलेला आहे, हे मुलांना जरूर सांगा.

स्टीमवाल्यांची गोष्ट थोडी वेगळी. स्टीम डेस्कटॉपवर जो आयकॉन ठेवतं तो साधा शॉर्टकट नसतो, वेबच्या पत्त्यासारखा दुवा असतो. त्यात गेमचा क्रमांक असतो. उदाहरणार्थ काउंटर-स्ट्राइक २ चा क्रमांक ७३० आहे. (गोळीबाराचा हा गेम मुलांनी खेळावा का, हा वेगळ्या लेखाचा विषय.) चित्र स्टीमच्याच एका फोल्डरमध्ये वेगळं ठेवलेलं असतं. स्टीम पुन्हा टाकलं, किंवा सी वरून डी वर हलवलं, की दुवा राहतो आणि चित्र हरवतं. अशा वेळी डेस्कटॉपवरचा आयकॉन सरळ डिलीट करा. गेमला काही होत नाही. मग स्टीमच्या लायब्ररीत गेमच्या नावावर उजवं क्लिक, मॅनेज, ॲड डेस्कटॉप शॉर्टकट. चित्रासकट नवा आयकॉन येतो.

मात्र हाताला सांभाळा. त्याच मॅनेजच्या यादीत अनइन्स्टॉलही आहे. तिथे बोट घसरलं तर गेम खरंच जातो. काउंटर-स्ट्राइक २ साठी ८५ जीबी मोकळी जागा लागते, असं स्टीमच्या पानावरच लिहिलेलं आहे. उतरवायचा आकडा त्याहून कमी धरला तरी रोजच्या २ जीबीच्या रिचार्जवर तो परत आणायला कित्येक आठवडे जातील. शहरात फायबर असेल; झरी-मारेगावकडच्या मोबाइल हॉटस्पॉटवर चालणाऱ्या घरात ही चूक परवडत नाही.

त्याच यादीत गेम लपवण्याचीही सोय आहे. कुणी चुकून ती दाबली की गेम लायब्ररीतून नाहीसा होतो आणि घरात पुन्हा तंटा. वरच्या व्ह्यू मेनूत हिडन गेम्स बघा, तिथे तो सापडेल. नाव दिसतंय पण राखाडी आहे, याचा अर्थ गेम खात्यात आहे, या संगणकावर टाकलेला नाही. डी ड्राइव्हवर टाकलेला असूनही राखाडी दिसत असेल तर स्टीमच्या सेटिंग्जमध्ये स्टोरेज उघडून तो ड्राइव्ह पुन्हा जोडा. सगळा गेम नव्याने उतरवू नका. नाव पांढरं आणि फक्त मोठं चित्र कोरं असेल तर आधी नेट चालू आहे का ते बघा, कारण ती चित्रं नेटवरूनच येतात. आणि नावच नसेल तर लॉगिन कोणाचं आहे ते तपासा. २०२४ पासून स्टीमवर सहा जणांपर्यंतचं कुटुंब जोडता येतं. भावाने विकत घेतलेला गेम बहिणीला तिच्या स्वतःच्या लॉगिनमधून दिसावा यासाठी ती सोय आहे.

आतापर्यंत चित्र जाण्याबद्दल बोललो. चित्र असूनही ते खोटं असणं, ही खरी काळजीची गोष्ट. कोणत्याही प्रोग्रामला कोणतंही चित्र लावता येतं. फोल्डरचं पिवळं चित्र लावलेला विषाणू फोल्डरसारखाच दिसतो. आपल्याकडे झेरॉक्सच्या दुकानातून परत आलेल्या पेनड्राइव्हवर हे हमखास भेटतं : तुमचे खरे फोल्डर लपवलेले, त्याच नावांचे शॉर्टकट समोर मांडलेले. क्लिक केलं की फोल्डरही उघडतो आणि मागून विषाणूही चालू होतो, म्हणून शंका येत नाही. ओळख त्याच छोट्या बाणावरून. डेस्कटॉपवरच्या गेमला बाण असणं बरोबर आहे; पेनड्राइव्हवरच्या तुमच्या फोल्डरला बाण दिसला तर हात मागे घ्या आणि आधी स्कॅन करा.

२०१० साली स्टक्सनेट नावाचा विषाणू उघडकीस आला. पेनड्राइव्हवरच्या शॉर्टकटचं चित्र दाखवण्याच्या विंडोजच्या कामातच तेव्हा एक भगदाड होतं. फोल्डर उघडून आयकॉन नुसता डोळ्यांसमोर आला तरी विषाणू सुरू व्हायचा, क्लिकचीही गरज नव्हती. निशाणा होता इराणमधल्या नतान्झच्या अणुकेंद्रातली यंत्रं; पण लागण झालेल्या संगणकांत इराणच्या पाठोपाठ इंडोनेशिया आणि भारताचा क्रमांक होता. मायक्रोसॉफ्टने ऑगस्ट २०१० मध्ये ते भगदाड बुजवलं. "अपडेट येतं तेव्हा संगणक हळू होतो, म्हणून बंद करून टाकलं" असं सांगणाऱ्या घरांसाठी हे मुद्दाम लिहिलं.

खोटं चित्र ओळखायचं तर फायलींची पूर्ण नावं दिसली पाहिजेत. विंडोज ती नेहमी लपवून ठेवते. कोणताही फोल्डर उघडा, व्ह्यूमध्ये जा (विंडोज ११ असेल तर व्ह्यूमधल्या शोमध्ये) आणि फाइल नेम एक्स्टेन्शन्सवर खूण करा. आता फोटोचं चित्र असलेल्या फायलीच्या नावाशेवटी ई-एक्स-ई ही तीन अक्षरं दिसली, तर तो फोटो नाही, प्रोग्राम आहे. गेमच्या नावाने आलेल्या फायलीचं चित्र गेमचं आणि आकार मात्र दोन-चार एमबी, हेही तितकंच संशयास्पद.

राहिला जुन्या यंत्रांचा प्रश्न. विंडोज ७ आणि ८ वर स्टीमने १ जानेवारी २०२४ पासून आधार देणं बंद केलं आहे. तिथे लायब्ररीतली चित्रं येत नसतील तर वरच्या इलाजांत वेळ घालवू नका, यंत्रावर नवी विंडोज चढवावी लागेल. त्याआधी डॉक्युमेंट्स आणि डेस्कटॉप पेनड्राइव्हवर उतरवून घ्या. कित्येक गेमची जमा केलेली प्रगतीही डॉक्युमेंट्समध्येच असते. व्हाइस सिटी तर तिथे स्वतःच्या नावाचं फोल्डरच करतो. आणि नव्या विंडोजवर अब्बूंना पत्त्यांचा सॉलिटेअर दिसला नाही तर दुकानदाराशी भांडू नका. १९९० पासून विंडोजसोबत येणारा तो गेम २०१२ मध्ये विंडोज ८ पासून काढला गेला. मायक्रोसॉफ्टच्या स्टोअरमधून तो फुकट मिळतो, फक्त मधूनमधून जाहिराती बघाव्या लागतात.