राजपुत्राचे लग्न आणि आपले बायोडेटा

अर्न्स्ट लुबिच यांच्या ‘द स्टुडंट प्रिन्स इन ओल्ड हायडेलबर्ग’ (१९२७) या मूकपटात युवराज कार्ल हाइनरिश शिक्षणासाठी हायडेलबर्गला येतो आणि खानावळीत बिअर वाढणाऱ्या कॅथीच्या प्रेमात पडतो. पुढे राजा मरण पावतो. पण त्याने ठरवून ठेवलेले राजघराण्यातील लग्न मोडत नाही. अखेरीस वरात निघते. नवरा उदास आहे आणि गर्दीतला एक जण म्हणतो, राजा असणे किती सुखाचे!

या कथेत खलनायक नाही. एका नियमानेच सारे काम होते. स्ट्रोहाइम यांच्या ‘द वेडिंग मार्च’मध्ये (१९२८) तोच नियम पैशापुढे वाकतो. व्हिएन्नातील कर्जबाजारी सरदाराचा मुलगा आणि पायाच्या कुरूपावरील पट्ट्या विकून धनाढ्य झालेल्या कारखानदाराची मुलगी यांचा सौदा दोन्ही बाप दारूच्या नशेत पक्का करतात. संपत्तीसाठी दार उघडते. गरीब मिट्झीसाठी मात्र ते बंदच राहते.

या चित्रपटांच्या दशकभर आधी, ९ मे १९१६ रोजी, बाबासाहेबांनी न्यूयॉर्कच्या कोलंबिया विद्यापीठात जातिसंस्थेवरील निबंध वाचला. सजातीय विवाह हेच जातीचे मर्म होय आणि जात म्हणजे स्वतःला कोंडून घेतलेला वर्ग, हे त्यांनी त्यात मांडले. वरच्यांनी दारे लावली, खालच्यांनी त्यांचे अनुकरण केले. युरोपातील राजघराणी म्हणजे जात नव्हे. तिथे नियम मोडणाऱ्याला फार तर सिंहासन सोडावे लागे; आपल्याकडे कित्येकांना जीव गमवावा लागतो. परंतु कोंडून घेण्याची रीत तीच.

म्हणूनच हे चित्रपट आम्हांला अस्वस्थ करतात. १४ ऑक्टोबर १९५६ रोजी आपण धम्म स्वीकारला. तरीही परदेशात वाढलेल्या मुलामुलींचे बायोडेटा फिरू लागले की ‘बौद्ध’ या शब्दानंतर हळूच प्रश्न येतो: ‘मूळचे कोणत्या पोटजातीचे?’ विचारणारी माणसे वाईट नसतात. त्या राजाप्रमाणेच त्यांनाही आपण मुलांचे हितच पाहत आहोत असे वाटते.

आंतरजातीय विवाह हाच जातिनिर्मूलनाचा खरा उपाय, असे बाबासाहेबांनी १९३६ साली लिहिले. निदान पोटजातीचा प्रश्न तरी आपण आजपासून विचारू नये आणि कोणी विचारल्यास त्याचे उत्तर देऊ नये. कॅथीसाठी डोळे पुसणाऱ्या आपणांस एवढे तरी जमले पाहिजे.