एका ‘एच्’ची वीस वर्षे

नावातले एक अक्षर गळाले तर काय बिघडते, असे मीही म्हणत असे. पिट्सबर्गची हकिगत वाचली आणि ते मत सोडले.

अमेरिकेत १८९० साली राष्ट्राध्यक्ष हॅरिसन यांनी भौगोलिक नावांसाठी एक मंडळ नेमले. हेतू रास्तच होता. एका नकाशात एक स्पेलिंग, दुसऱ्यात दुसरे. सरकारी कारभार चालावा कसा? पण १८९१ मध्ये मंडळाने ‘बर्ग’ने संपणाऱ्या नावांतला शेवटचा ‘एच्’ सरसकट छाटला. त्यात पिट्सबर्गचाही गेला. गावातल्या अनेकांनी तो सोडलाच नाही. १९०८ साली तिथल्या विद्यापीठाने शहराचे नाव घेतले, तेही ‘एच्’सकट! अखेर १९११ मध्ये मंडळाने तो परत केला.

कागदोपत्री नाव एकच हवे, हे मला मान्य आहे. मात्र ते ठरवताना तिथे राहणाऱ्यांच्या तोंडी काय आहे, हे आधी ऐकावे. पिट्सबर्गात ते वीस वर्षांनी ऐकले गेले.

आमच्या शहराचे अधिकृत नाव १ नोव्हेंबर २०१४ पासून बेळगावी झाले. बसवरची ती पाटी वाचून मी चढतो आणि तिकीट मागतो बेळगावचे. कन्नडभाषक कंडक्टर काही न विचारता ते फाडून देतो.