विरजण आणि निविदा

गतवर्षी गणेशोत्सवाच्या सांगतेला आमच्या गृहसंस्थेत महाप्रसाद झाला, आणि अशा प्रसंगी व्हायचे तेच झाले, म्हणजे भाताची दोन मोठी पातेली उरली. ते अन्न रस्त्यावर टाकणे कोणाच्याच जिवावर आले. आवाराच्या कोपऱ्यात ओल्या कचऱ्यापासून जळाऊ वायू करणारी एक टाकी आहे. तिच्या मुखी तो सारा भात एकाच सायंकाळी घालण्यात आला, आणि अन्नाचा अपव्यय टळला या समाधानात मंडळी निजली. चार दिवसांनी पहारेकऱ्याच्या खोलीतली शेगडी पेटेना. नळीतून वायू येत होता, पण काडी धरली की काडीच विझे, आणि टाकीजवळ उभे राहावे तो आंबून गेलेल्या ताकासारखा उग्र दर्प नाकात शिरे. टाकी बसवून देणाऱ्यांचा माणूस आला, त्याने जंतूंच्या चूर्णाच्या महागड्या पुड्यांचे दरपत्रक कार्यवाहांच्या हवाली केले आणि तो निघून गेला.

अशा हवाबंद टाकीतले पचन हे कोणा एका जिवाचे काम नव्हे. आधी काही जिवाणू आपले पाचकरस बाहेर सोडून पिष्ट, प्रथिने आणि स्निग्ध पदार्थ विरघळवतात. त्या द्रवावर जगणारे दुसरे जिवाणू त्याची निरनिराळी आम्ले करतात. तिसरे त्यांतल्या जड आम्लांचे तुकडे पाडून, ज्याच्यामुळे शिरका आंबट लागतो ते ॲसेटिक आम्ल आणि हायड्रोजन पुढे धाडतात. आणि या दोहोंवर उपजीविका करून जे मिथेन वायू सोडतात ते चौथे तर मुळात जिवाणूच नव्हेत, ते आर्किया नावाच्या स्वतंत्र वंशाचे आहेत, हे कार्ल वूज आणि जॉर्ज फॉक्स यांनी १९७७ साली दाखवून दिले. यांतले आम्लकर्ते घाईचे, काही तासांत दुप्पट होणारे. मिथेनकर्त्यांतले पुष्कळसे संथ, दुप्पट व्हायला कित्येक दिवस घेणारे. टाकीत रोजचा बेताचा घास पडतो तोवर या दोघांचा संसार सुरळीत चालतो. पण एकदम दोन पातेली भात आला की आम्लकर्ते त्यावर तुटून पडतात, आम्ल साचते, त्या आम्लाने मिथेनकर्ते हतबल होतात, आणि हायड्रोजन उचलणारे कोणी न उरल्यामुळे तिसऱ्या वर्गाचेही हात थांबतात. मग नळीतून येतो तो मुख्यतः कार्बन डायऑक्साइड, आणि त्यावर शेगडी पेटत नाही.

आमच्या माळीबुवांनी पुड्या घेऊ दिल्या नाहीत. "विरजण बिघडलंय, ते आधी सावरू द्या. नुसतं दूध ओतत बसलात तर दही लागंल का?" एवढेच ते म्हणाले. त्यांनी टाकीला लंघन घडवले, चुन्याची निवळी थोडथोडी घातली, जवळच्या गोठ्यातून शेण आणून त्याचा काला केला, आणि आठवड्यानंतर रोज एकच बादली ओला कचरा, तोही बारीक करून, देण्यास प्रारंभ केला. तीन आठवड्यांत शेगडी निळ्या ज्योतीने पेटली.

आपल्या भाषेने विरजण पडणे याला उत्साहभंगाचा अर्थ का चिकटवला, हे मला कधी नीट उमगलेले नाही. या शास्त्राचा सारा इतिहास मात्र विरजण जपण्याचा आहे. १९१४ साली मँचेस्टरच्या डेव्हीहल्म केंद्रातील एडवर्ड आर्डर्न आणि विल्यम लॉकेट या दोघांनी मैलापाण्यात हवा फुंकून पाहण्याचा आपला प्रयोग प्रसिद्ध केला. प्रथम ते पाणी पुरते शुद्ध व्हावयास सुमारे पाच आठवडे लागले. तसे हवेचे प्रयोग इतरांनीही केले होते, पण तळाशी बसलेला गाळ ते टाकून देत. या दोघांनी तो जपून ठेवला, त्यावर ताजे मैलापाणी ओतले, पुन्हा हवा दिली, आणि असे वारंवार करता करता पाच आठवड्यांचे काम चोवीस तासांच्या आत आले. जो गाळ म्हणून आपण नाक मुरडतो तो बहुतांशी त्या कामकऱ्यांचाच समुदाय असतो. हा समुदाय वाढत जातो, त्याचा काही भाग रोज काढून घ्यावा लागतो, आणि काढलेला गाळ पुन्हा हवाबंद टाकीत, पस्तीस अंशांच्या आसपासच्या उबेत, वीस ते तीस दिवस पचवावा लागतो. येथे आपला नागरी कारभार अडखळतो.

ही विद्या आपल्याला परकी नाही. माटुंग्याच्या कुष्ठाश्रमात १८९७ साली मैल्याच्या टाक्यांवर वायू साठवण्याची योजना झाली आणि त्या वायूवर एंजिने चालली. होळकरांच्या इंदुरात १९२४ ते १९३१ या काळात आल्बर्ट हॉवर्ड यांनी, यशवंत वाड यांच्या साहाय्याने, पालापाचोळा, शेण आणि माती यांच्या थरांतून तीन महिन्यांत खत करण्याची जी रीत बसवली ती इंदूर पद्धत या नावाने पुढे देशोदेशी गेली. कणकवलीस अप्पासाहेब पटवर्धनांनी गोपुरी संडास सिद्ध केला, सोनखताला प्रतिष्ठा दिली आणि मैल्यापासून वायू करून दाखवला. देहूचे डॉक्टर सुहास मापुसकर यांनी तोच धागा उचलून मलप्रभा नावाचे वायुसंयंत्र रचले. मापुसकरांना पद्मश्री मिळाली ती २०१७ साली, मरणोत्तर.

मग उणे कशाचे आहे? माझ्या मते, आपल्या कारभाराला इमला उभारण्याची भाषा येते, विरजण सांभाळण्याची येत नाही. मैलापाणी शुद्धीकरण केंद्राचा आराखडा होतो, मंजुरी मिळते, निविदा निघते, कोनशिला बसते, मक्तेदाराचे देयक अदा होते. आणि त्यानंतर तीस वर्षे रोज सकाळी टाकीची ऊब, आम्लता आणि वायूचे प्रमाण पाहून घासाचे माप ठरवणारा जो माणूस हवा, त्याचे पद मात्र तात्पुरते, तेही मक्तेदाराच्याच दिमतीला. मक्ता बदलला की माणूस बदलतो, आणि त्या टाकीचा स्वभाव ओळखणारे ज्ञान त्याच्याबरोबर फाटकाबाहेर पडते. सूक्ष्मजीवांना अंदाजपत्रकी वर्ष कळत नाही. वीज दीर्घकाळ खंडित झाली तर हवेवर जगणारे गुदमरतात, आणि चोरून सोडलेले कारखान्याचे पाणी एका रात्रीत साऱ्यांचाच निकाल लावू शकते. त्यातही क्रोमियम, कॅडमियम असले धातू कोणताही जीव पचवू शकत नाही. ते गाळात बसतात आणि खत म्हणून शेतात जातात. ज्या गाळात ते आहेत त्याला सोनखत म्हणणे ही शेतकऱ्याची फसवणूक आहे.

याहून गंभीर गोष्ट माणसांच्या जिवाची आहे. गटारात आणि मैल्याच्या बंद टाकीत गंधकयुक्त क्षारांवर जगणारे जिवाणू हायड्रोजन सल्फाइड नावाचा वायू करतात. थोडा असताना त्याला कुजक्या अंड्याचा वास येतो, पण प्रमाण वाढले की तो प्रथम घ्राणेंद्रियच बधिर करतो, म्हणून आत उतरलेल्या माणसाला वास गेल्यासारखा वाटतो आणि तो आणखी एक पायरी खाली उतरतो. संरक्षणाची साधने दिल्याखेरीज गटारात वा मैल्याच्या टाकीत माणूस उतरवण्यास २०१३ च्या कायद्याने बंदी आहे, तरी अशा मृत्यूंची वार्ता वृत्तपत्रांतून येतच राहते. जिवाणू आपल्या धर्माने वागतात. दोर बांधून माणसाला आत सोडणाऱ्यास तो आधार नाही.

प्रत्येक नगरपालिकेने आपल्या केंद्राचा रोजनामा, म्हणजे किती मैलापाणी आले, टाकीची आम्लता किती, वायू किती निघाला आणि गाळ कोणत्या गाडीने कोठे गेला, एवढा तपशील प्रभाग कार्यालयाच्या फळ्यावर रोज लावावा. वाचकांनीही तो मागावा, आणि मागण्यापूर्वी आपल्या घरचा ओला कचरा वेगळा करून द्यावा, नाहीतर तोंड उघडण्याचा अधिकार आपल्याला उरत नाही.

आमच्या माळीबुवांची नेमणूक अकरा महिन्यांच्या कराराने होते, आणि तो करार येत्या महिन्यात संपतो. त्यांना कायम करावे असा लेखी ठराव मी संस्थेच्या वार्षिक सभेपुढे ठेवला आहे.