वेदान्ताला प्रमाणपत्र कशाला?

‘आत्मा असतो, हे अखेर विज्ञानानेही सिद्ध केले!’ अशा अर्थाचा संदेश अधूनमधून प्रत्येकाच्या भ्रमणध्वनीवर येतो. उल्हासनगरच्या कॅम्प ४ मधील एखादे घर डोळ्यांसमोर आणावे. वडील विठ्ठलवाडी स्थानकावरून लोकल पकडून कामावर जातात, आजी सायंकाळी हरिपाठाला बसतात, शेजारच्या सिंधी कुटुंबात सत्संग चालतो. तो संदेश वाचून आजी सुखावतात आणि वडील तो चार जणांना पुढे पाठवितात. बारावीला विज्ञान शाखेत असलेली मुलगी मात्र विचारते, ‘हे कोणी, कोणत्या प्रयोगाने सिद्ध केले?’ उत्तर कोणाकडेच नसते. मग ‘चार बुके शिकली म्हणून शंका काढते’ असे तिलाच ऐकावे लागते.

वस्तुतः त्या घरात त्या दिवशी विचारला गेलेला सर्वांत भारतीय प्रश्न तोच असतो. प्रमाण कोणते, हे विचारल्यावाचून आपल्या एकाही दर्शनाने पाऊल पुढे टाकलेले नाही. अग्नी थंड असतो असे श्रुती सांगू लागली तर तेही प्रमाण मानता येणार नाही, अशा आशयाचा निर्वाळा आद्य शंकराचार्यांनी गीताभाष्यात दिला आहे. तेव्हा मुलीच्या प्रश्नाला सरळ उत्तर देणे, हे आपले कर्तव्य ठरते.

अशा संदेशांमागे बहुधा ब्रिटिश गणितज्ञ रॉजर पेनरोज यांचा सिद्धांत असतो. मानवी आकलन म्हणजे केवळ संगणकासारखी आकडेमोड नव्हे, असे त्यांनी १९८९ च्या आपल्या ग्रंथात मांडले. पुढे अमेरिकेतील भूलतज्ज्ञ स्टुअर्ट हॅमरॉफ यांच्यासह त्यांनी सुचविले, की मेंदूतील पेशींच्या आत असलेल्या सूक्ष्मनलिकांमध्ये पुंजभौतिकीय अवस्था निर्माण होतात, त्या अवस्था गुरुत्वाकर्षणाच्या प्रभावाने, म्हणजेच अवकाश-कालाच्या मूळ विणीशी निगडित अशा प्रक्रियेने कोसळतात, आणि त्या प्रत्येक कोसळण्यात जाणिवेचा क्षण असतो. कल्पना विलक्षण आहे, यात शंका नाही. चैतन्याचे धागे विश्वाच्या वस्त्रातच विणलेले आहेत असे कोणी म्हटले, की भारतीय मनाला आपलेपणा वाटणारच.

परंतु आपलेपणा म्हणजे पुरावा नव्हे. मेंदूच्या उबदार, ओलसर वातावरणात अशा अवस्था सेकंदाच्या अब्जांशाहूनही पुष्कळ कमी काळात विस्कटतात, असे गणित मॅक्स टेगमार्क यांनी २००० मध्ये मांडले. त्याला हॅमरॉफ आदींनी उत्तर दिले आणि तो वाद अद्याप मिटलेला नाही. पेनरोज यांच्या गुरुत्वीय कल्पनेच्या सर्वांत साध्या रूपानुसार जी क्षीण प्रारणे दिसावयास हवी होती, ती इटलीतील ग्रान सासो पर्वताखालच्या प्रयोगशाळेत आढळली नाहीत, हे २०२० मध्ये प्रसिद्ध झाले. त्याच वर्षी पेनरोज यांना नोबेल पारितोषिक लाभले खरे, पण ते कृष्णविवरांविषयीच्या कार्याबद्दल. संदेश लिहिणारे ही गोष्ट सोयीस्करपणे वगळतात.

अशी आशा बाळगण्याचा मोह थोरांनाही झालेला आहे. १८९६ मध्ये स्वामी विवेकानंदांनी एका पत्रात लिहिले होते, की द्रव्य आणि शक्ती यांचे एकत्व निकोला टेस्ला गणिताने दाखवू शकतील असे त्यांना वाटते आणि तसे झाल्यास वेदान्ताच्या सृष्टिविचाराला भक्कम आधार मिळेल. टेस्ला यांच्याकडून तसे गणित आले नाही. स्वामीजींनी १९०२ मध्ये देह ठेवला. १९०५ मध्ये आईनस्टाईन यांनी वस्तुमान आणि ऊर्जा यांची समतुल्यता दाखविली, पण ती प्रकाश व गती यांच्या अभ्यासातून. टेस्लांचे गणित न आल्याने वेदान्ताचे काय बिघडले? काहीही नाही. एर्विन श्रोडिंगर उपनिषदांचे निस्सीम चाहते होते. १९४४ च्या आपल्या प्रसिद्ध पुस्तकाच्या उपसंहारात त्यांनी आत्मा आणि ब्रह्म यांच्या ऐक्याचा आदराने उल्लेख केला. तथापि १९२६ च्या त्यांच्या समीकरणात आत्म्याचे चिन्ह कोठेही नाही. दोन क्षेत्रांची सीमा त्यांना ठाऊक होती.

येथेच खरा धोका ध्यानात घ्यावयास हवा. विज्ञानाचे सिद्धांत बदलतात. ते बदलतात, हेच विज्ञानाचे बळ. वेदान्ताची इमारत आज पेनरोज यांच्या खांबावर उभी केली, तर तो खांब उद्या हलल्यावर त्या मुलीने काय मानावे? तिला भौतिकशास्त्र खरे आणि आजीचा हरिपाठ खोटा वाटू लागला, तर दोष तिचा नसेल. तो खांब तेथे उभा करणाऱ्यांचा असेल.

ज्ञानेश्वर माउलींनी अमृतानुभवात जग हा चैतन्याचाच विलास आहे असे प्रतिपादिले, ते अनुभवाच्या आणि युक्तिवादाच्या बळावर. शिकारपूरच्या संतकवी सामींनी वेदान्त सिंधी श्लोकांत आणला. फाळणीत घरदार गमावून सिंधमधून निघालेली कुटुंबे येथील लष्करी छावणीच्या बराकींत उतरली आणि १९४९ मध्ये त्या वसाहतीला उल्हासनगर हे नाव मिळाले. सिंध सुटला, पण सत्संग सुटला नाही. त्या श्रद्धेने कोणत्याही प्रयोगशाळेच्या शिक्क्याची वाट पाहिली नव्हती.

मग अध्यात्माने विज्ञानापासून दूर राहावे काय? मुळीच नाही. महाराष्ट्रातच त्याचा उत्तम वस्तुपाठ आहे. स्वामी कुवलयानंदांनी १९२४ मध्ये लोणावळ्यात कैवल्यधाम स्थापिले आणि त्याच वर्षी ‘योगमीमांसा’ हे नियतकालिक सुरू केले. उड्डियान, नौली या क्रियांचा अभ्यास त्यांनी क्ष-किरणांच्या साह्याने केला, पोटातील दाब यंत्राने मोजला. प्राणायामाने शरीराला पुष्कळ अधिक प्राणवायू मिळतो, या लोकप्रिय समजुतीला मोजमापांनी दुजोरा दिला नाही, तेव्हा त्यांनी तेही स्पष्टपणे लिहिले. त्याने योगाची प्रतिष्ठा घटली नाही, वाढली.

कॅम्प ४ पासून काही अंतरावर वालधुनी नदीकाठी अंबरनाथचे शिवमंदिर उभे आहे. शके ९८२ चा, म्हणजे इ.स. १०६० चा शिलालेख तेथे आहे. पायऱ्या उतरून खाली गाभाऱ्यात जावे आणि वर पाहावे, तर शिखर अपुरे असल्याने थेट आकाश दिसते. तेथे हात जोडणारा आकाशाचे मोजमाप मागत नाही, आणि आकाश मोजणाऱ्याला तेथे कोणी अडवीतही नाही.

म्हणून असा संदेश पुन्हा आला, तर तो पुढे पाठविण्यापूर्वी वडिलांनी मुलीला शेजारी बसवून तिचाच प्रश्न मोठ्याने विचारावा. जाणीव म्हणजे काय, याचे अंतिम उत्तर आज कोणत्याही प्रयोगशाळेजवळ नाही. ते शोधणाऱ्यांत उद्या तीही असू शकेल. मात्र त्यासाठी तिला शंका घेण्याचा अधिकार आज तिच्याच घरात मिळाला पाहिजे.